जनुकीय अहवाल नेमका कोणाचा?

रक्तातील साखरेचा अहवाल ज्याचा त्याचा असतो. जनुकीय तपासणीच्या अहवालाचे तसे नसते. त्यावर नाव एकाच व्यक्तीचे छापलेले असले, तरी त्यातील मजकूर तिचे आईवडील, भावंडे, मुले आणि कधीकधी आयुष्यात एकदाही न भेटलेले दूरचे नातेवाईक यांच्याबद्दलही बरेच काही सांगून जातो. या विषयावर सातत्याने वाचत आल्यानंतर माझे असे ठाम मत झाले आहे की, जनुकशास्त्राने आपल्या सामाजिक जीवनात घडवलेला सर्वांत खोल बदल हा आहे: स्वतःबद्दलची अत्यंत खाजगी माहिती आता एकट्याची राहिलेली नाही, आणि तिची वाटणी कशी करायची याचे रीतिरिवाज मात्र आपण अजून घडवलेले नाहीत.

जनुकीय समुपदेशकाकडे गेल्यावर पहिले काम होते ते वंशावळ काढण्याचे. पुरुषांसाठी चौकोन, स्त्रियांसाठी वर्तुळ, आजारी व्यक्तीची आकृती भरीव, मृत व्यक्तीवर तिरकी रेघ. अशा निदान तीन पिढ्या कागदावर उतरतात आणि सल्ल्यासाठी आलेल्या व्यक्तीकडे एक छोटा बाण दाखवला जातो. या कागदाकडे नीट पाहिले, तर लक्षात येते की बाण एकाकडेच असला, तरी तपासणीच्या निकालाने आजूबाजूच्या अनेक आकृत्यांचा अर्थ बदलणार आहे.

हंटिंग्टन या आजाराइतके याचे स्पष्ट उदाहरण दुसरे नाही. बहुधा तिशी ते पन्नाशीच्या दरम्यान सुरू होणारा हा मेंदूचा विकार हालचाली, स्वभाव आणि विचारशक्ती या तिन्हींवर आघात करतो, आणि आई किंवा वडिलांना तो असेल तर प्रत्येक अपत्याला तो होण्याची शक्यता 50 टक्के असते. व्हेनेझुएलातील माराकाइबो सरोवराकाठच्या कुटुंबांच्या मदतीने झालेल्या संशोधनातून 1983 मध्ये या जनुकाचा माग चौथ्या गुणसूत्रापर्यंत लागला आणि 1993 मध्ये प्रत्यक्ष जनुक सापडले. या कामात अग्रभागी असलेल्या नॅन्सी वेक्सलर यांच्या आईचा मृत्यू याच आजाराने झाला होता, आणि 2020 मध्ये वेक्सलर यांनी स्वतःलाही तो असल्याचे जाहीर केले. तपासणीचे उत्तर एका आकड्यात येते. जनुकातील सीएजी ही तीन अक्षरे सलग किती वेळा येतात ते मोजले जाते. ती 40 किंवा त्याहून अधिक वेळा आली, तर सर्वसाधारण आयुर्मानात आजार होणारच असे मानले जाते; 36 ते 39 या पट्ट्यात तो होईलही किंवा होणारही नाही.

आता अशी कल्पना करावी की आजोबांना हा आजार होता, आईने तपासणी न करण्याचे ठरवले आहे आणि पंचविशीतल्या मुलीला मात्र आपले भविष्य जाणून घ्यायचे आहे. मुलीचा निकाल होकारार्थी आला आणि तिच्या वडिलांच्या घराण्यात हा आजार नसला, तर आईचाही निकाल त्याच क्षणी लागतो, आणि तोही तिने न मागता. मुलीचा जाणून घेण्याचा हक्क आणि आईचा न जाणण्याचा हक्क, दोन्ही खरे आहेत. एकाच आकड्यात ते दोन्ही सांभाळता येत नाहीत. हंटिंग्टनचा धोका असलेल्यांपैकी बहुसंख्य लोक तपासणी करत नाहीत, हे अनेक देशांत दिसून आले आहे, आणि त्याला भित्रेपणा म्हणणे मला अन्यायाचे वाटते. न जाणता जगणे हीसुद्धा विचारपूर्वक केलेली निवड असू शकते. शिवाय नकारार्थी निकाल आला म्हणजे सारे मिटले असेही नसते. भाऊ आजारी पडणार आणि आपण वाचलो, या जाणिवेने खचलेल्या माणसांचे अनुभव समुपदेशकांनी वारंवार नोंदवले आहेत. ज्याने सारे तारुण्य 'आपल्यालाही होणारच' असे धरून घालवले, त्याला अचानक मोकळे झालेले आयुष्यही पेलवत नाही.

हा पेच लंडनच्या न्यायालयातही पोहोचला. एका व्यक्तीला 2009 मध्ये हंटिंग्टनचे निदान झाले आणि आपल्या मुलींना ते सांगू नये, असे त्याने डॉक्टरांना बजावले. त्या वेळी त्याची एक मुलगी गरोदर होती. बाळाच्या जन्मानंतर तिला हे अपघातानेच कळले आणि पुढे तिची स्वतःची तपासणीही होकारार्थी आली. आपल्याला वेळेवर सांगायला हवे होते, असा दावा तिने केला. 2020 मध्ये न्यायालयाने तिचा दावा फेटाळला. परंतु रुग्णाची गोपनीयता आणि मुलीचे हित यांचा तोल पाहण्याचे कर्तव्य डॉक्टरांवर होते, हे मान्य केले. माझ्या मते तिला सांगणेच योग्य होते. वडिलांच्या निदानातील जो भाग तिच्या गर्भारपणाशी थेट निगडित होता, तो केवळ वडिलांचा राहिलेला नव्हता.

आजारी नसूनही आजाराशी जोडले जाणे, ही 'वाहक' नावाची नवी ओळखही याच शास्त्राने दिली. सिकलसेल या रक्ताच्या आजाराच्या जनुकाची एकच प्रत असलेली व्यक्ती, म्हणजे वाहक, बहुधा निरोगी असते; आजार होतो तो आई आणि वडील या दोघांकडूनही सदोष प्रत आली तर. तरीही 1970 च्या दशकात अमेरिकेत तपासणीची लाट आली, तेव्हा वाहक आणि रुग्ण यांच्यात गल्लत झाली, कृष्णवर्णीयांना नोकऱ्या आणि विमा नाकारला गेला, आणि तिथल्या वायुदलाच्या अकादमीची दारे 1981 पर्यंत वाहकांना बंद राहिली. शरीराने काहीही बिघडलेले नसताना कागदाने माणूस आजारी ठरला.

याच्या उलट दिशेचा एक मार्ग सनातनी ज्यू समाजाने शोधला, आणि त्याबद्दल मला विशेष आदर वाटतो. टे-सॅक्स या लहान मुलांच्या मज्जासंस्थेच्या जीवघेण्या आनुवंशिक आजाराने चार अपत्ये गमावलेले धर्मगुरू जोसेफ एकस्टाइन यांनी 1983 मध्ये न्यूयॉर्कमध्ये 'दोर येशोरिम' ही संस्था सुरू केली. तरुण-तरुणींचे रक्त तपासले जाते, पण निकाल त्यांना सांगितला जात नाही. मिळतो तो फक्त एक क्रमांक. लग्नाची बोलणी सुरू झाली की दोघांचे क्रमांक संस्थेला कळवायचे, आणि उत्तर त्या जोडीपुरतेच येते: जुळते किंवा, दोघेही एकाच आजाराचे वाहक असतील तर, जुळत नाही. एक जण वाहक असला आणि दुसरा नसला, तरी उत्तर 'जुळते' असेच येते आणि वाहकाला आपण वाहक असल्याचे कळतही नाही. यावर टीकाही झाली आहे. स्वतःच्या शरीराविषयीची माहिती स्वतःपासून लपवणे अनेकांना पटत नाही. तरीही माहिती एकेका व्यक्तीच्या कपाळी न चिकटवता, दोघांचा निर्णय जिथे होतो तिथेच ती ठेवण्याची ही कल्पना मला दूरदृष्टीची वाटते.

काही कुटुंबांनी तर माहितीची सूत्रेच हाती घेतली. दोन मुलांना पीएक्सई हा त्वचा, डोळे आणि रक्तवाहिन्यांवर परिणाम करणारा दुर्मीळ आनुवंशिक आजार असल्याचे कळल्यावर शॅरन आणि पॅट्रिक टेरी या दांपत्याने 1995 मध्ये रुग्ण-कुटुंबांची संघटना उभारली, नमुन्यांची पेढी स्वतः सांभाळली, आणि 2000 मध्ये या आजाराचे जनुक सापडले त्यात त्यांचा थेट सहभाग होता. एकाच जनुकातील बदलामुळे परस्परांना अनोळखी माणसे एकत्र येतात, हे नाते रक्ताचे नाही आणि शेजाराचेही नाही. तरीही ते खरे नाते आहे.

अमेरिकेतील ग्रँड कॅन्यन या दरीत राहणाऱ्या हवासुपाई या आदिवासी जमातीच्या वाट्याला मात्र उलटा अनुभव आला. मधुमेहावरील संशोधनासाठी म्हणून 1990 पासून त्यांच्याकडून घेतलेले रक्त पुढे स्किझोफ्रेनियाच्या आणि जमातीच्या स्थलांतराच्या अभ्यासासाठीही वापरले गेले. आपण इथलेच, याच दरीतून आलो, असे मानणाऱ्या समाजाला त्यांच्याच रक्ताच्या आधारे वेगळी कथा सांगितली गेली, तीही त्यांना न विचारता. 2010 च्या तडजोडीत त्यांना 7 लाख डॉलर आणि उरलेले रक्तनमुने परत मिळाले.

घरबसल्या लाळेची नळी पाठवून होणाऱ्या तपासण्यांमध्ये तर वंशावळीचा तो कागदही काढला जात नाही. 2018 मध्ये कॅलिफोर्नियातील एका जुन्या हत्यासत्रातील आरोपी सापडला, तो त्याच्या दूरच्या नातेवाइकांनी वंशशोधाच्या संकेतस्थळावर ठेवलेल्या डीएनएमुळे. तो पकडला गेला हे चांगलेच झाले. पण ज्या वाटेने पोलीस त्याच्यापर्यंत पोहोचले, ती वाट निरपराध माणसांपर्यंतही जाते. त्यामुळे लाळ देण्यापूर्वी निदान सख्ख्या नातेवाइकांशी बोलावे, कोणाला निकाल हवा आहे आणि कोणाला नको हे आधी विचारून ठेवावे, असा माझा आग्रह आहे. लाळेवरून अशी तपासणी करणाऱ्या 'ट्वेंटीथ्री अँड मी' या कंपनीने मार्च 2025 मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला, तेव्हा ग्राहकांना आपली माहिती पुसून टाकण्याची सोय होती. परंतु भावाने आपली माहिती पुसली आणि बहिणीने ठेवली, तर त्याच्या जनुकांपैकी सरासरी निम्मा हिस्सा तिच्या खात्यात तसाच राहतो, आणि तो पुसण्याचा अधिकार भावाकडे नसतो.