एक प्रवेश, पाच विद्यापीठं, तीन देश

फ्रायबुर्गच्या मार्कशीटवर ४ असेल तर काठावर पास. बाझेलच्या मार्कशीटवर ४ असेल तरी काठावरच पास. स्ट्रासबुर्गला मात्र ४ म्हणजे सपशेल नापास. जर्मनीत १ हा सर्वांत चांगला गुण आणि ४ ही पास होण्याची शेवटची पायरी. स्वित्झर्लंडमध्ये उलटं, तिथे ६ सर्वांत वर आणि ४ला पास. फ्रान्समध्ये वीसपैकी मार्क आणि दहाला पास. ही तीन शहरं इतकी जवळ आहेत की सकाळी एका देशातून निघून दुसऱ्या देशात लेक्चर करून रात्री जेवायला घरी येता येतं. आणि या तिन्ही पद्धतींत मिळवलेले गुण एकाच पदवीत धरायचे, असं इथल्या विद्यापीठांनी ठरवलं आहे.

परदेशी विद्यापीठाशी सामंजस्य करार झाल्याच्या बातम्या आपल्याकडे सारख्या येतात. करारानंतर काय झालं, हे मात्र क्वचितच छापून येतं. मी फ्रायबुर्गला एम.एस्सी. केलं, आता इथेच पीएच.डी. करते आहे, त्यामुळे हे ‘नंतर काय’ मी रोज पाहते. ते घरच्या वाचकांपर्यंत पोहोचावं म्हणून हे लिहिते आहे.

आमच्या आघाडीचं नाव युकोर. ऱ्हाईन नदीच्या वरच्या खोऱ्यातली पाच विद्यापीठं यात आहेत: जर्मनीतलं फ्रायबुर्ग आणि कार्ल्सरूहची तंत्रज्ञान संस्था, फ्रान्समधली स्ट्रासबुर्ग आणि म्युलूझची दोन विद्यापीठं, आणि स्वित्झर्लंडमधलं बाझेल. फ्रायबुर्गची स्थापना १४५७ची, बाझेलची १४६०ची. म्हणजे शेजार साडेपाचशे वर्षांचा आहे, पण तो नेहमी गोडीगुलाबीचा नव्हता. १८७१ ते १९४४ एवढ्या काळात स्ट्रासबुर्ग शहर चार वेळा या देशाकडून त्या देशाकडे गेलं. १९३९ मध्ये युद्ध सुरू झालं तेव्हा स्ट्रासबुर्ग विद्यापीठ आपले प्राध्यापक आणि विद्यार्थी घेऊन फ्रान्सच्या मध्यभागी क्लेरमाँ-फेराँला हललं. २५ नोव्हेंबर १९४३ रोजी तिथेही जर्मनांची धाड पडली. एका प्राध्यापकांना जागीच गोळी घातली गेली, शेकडो लोकांना पकडलं आणि त्यांतल्या अनेकांची रवानगी छळछावण्यांत झाली. त्याच स्ट्रासबुर्गने १९८९च्या डिसेंबरमध्ये नदीपलीकडच्या जर्मन विद्यापीठांबरोबर युकोरच्या करारावर सही केली. मला ही गोष्ट फार मोठी वाटते.

नियम साधा आहे. पाचांपैकी एका ठिकाणी तुमचा प्रवेश असेल, तर उरलेल्या चार ठिकाणी तुम्ही विषय घेऊ शकता. फी फक्त आपल्या विद्यापीठात भरायची. परीक्षा तिकडे द्यायची, क्रेडिट इकडे जमा होतात. प्रवासखर्चालाही थोडी मदत मिळते. मुंबई विद्यापीठातून पुण्याला जायचं तर मायग्रेशन सर्टिफिकेट आणि एलिजिबिलिटीच्या खिडकीवर किती खेपा होतात, हे आपल्यापैकी अनेकांना ठाऊक आहे. इथे देश बदलतो आणि खिडकी बदलत नाही.

मी एका सत्रात बाझेलला मेंदूविज्ञानाचा एक विषय घेतला होता. दर गुरुवारी फ्रायबुर्गहून गाडी. तासाभराच्या आत बाझेलचं बाडिशर बानहोफ येतं. हे स्टेशन स्वित्झर्लंडच्या जमिनीवर आहे, पण चालवते जर्मन रेल्वे. फ्रायबुर्गच्या प्रयोगशाळेत मला एक उपकरण उत्तम शिकायला मिळालं होतं. बाझेलच्या वर्गात त्याच उपकरणातून आलेली माहिती वेगळ्या प्रश्नासाठी कशी वाचायची, हे कळलं. स्ट्रासबुर्गहून येणारी दोन मुलंही त्या वर्गात होती. आमच्या या तीन शहरांमधल्या मेंदूविज्ञानाच्या प्रयोगशाळांना जोडणारं न्यूरेक्स नावाचं जाळंही आहे. त्यामुळे एखादी पद्धत आपल्याकडे येत नसली तर कुणाला फोन करायचा, हे माहीत असतं.

परीक्षा झाली, बाझेलचे ५.५ मिळाले. आता हे जर्मन पद्धतीत किती? परदेशी गुण बदलायला जर्मनीत एक सूत्र सर्रास वापरतात. जर्मनीला अर्ज करणाऱ्या प्रत्येक मराठी मुलाने ते आपल्या सीजीपीएवर चालवून पाहिलेलं असतं, तेच बव्हेरियन सूत्र. कमाल गुणांतून आपले गुण वजा करा, कमाल आणि किमान पास यांच्यातल्या फरकाने भागा, तीनने गुणा, एक मिळवा. दहापैकी ८ सीजीपीए आणि चारला पास धरला तर २.० येतात. माझ्या ५.५चे १.७५ आले. चांगले गुण.

पण स्ट्रासबुर्गला गेलेल्या माझ्या मैत्रिणीला वीसपैकी १६ मिळाले होते. सूत्राने त्याचे २.२ होतात. फ्रान्समध्ये १६ हे घसघशीत यश असतं, कारण तिथले प्राध्यापक त्याच्या वर सहसा जातच नाहीत. कागदावरची कमाल २०, प्रत्यक्षातली बरीच खाली. वर्गात पहिल्या काही जणांत असलेली मुलगी फ्रायबुर्गच्या कागदावर मध्यम दिसायला लागली. म्हणून जिथे दोन-तीन विद्यापीठांची मिळून पदवी आहे, तिथे विभागांनी एकत्र बसून आपापल्या वर्गांत कोणते गुण किती जणांना पडतात हे पाहावं लागतं आणि त्यावरून तक्ता ठरवावा लागतो. माझ्या मते आघाडीचं खरं काम हेच. ते परीक्षा विभागातल्या टेबलांवर होतं, त्याचा समारंभ होत नाही, आणि ते नीट झालं नाही तर मुलं पलीकडे जायला धजत नाहीत.

वेळापत्रकाचीही तीच गत. बाझेलचं शरद सत्र सप्टेंबरच्या मध्याला सुरू होतं, फ्रायबुर्गचं हिवाळी सत्र ऑक्टोबरच्या मध्याला. इतकी वर्षं होऊनही हे जुळलेलं नाही.

२०१५ मध्ये युकोरने एक मोठं पाऊल टाकलं. युरोपीय संघाच्या कायद्यात सीमेपलीकडच्या सहकार्यासाठी स्वतंत्र कायदेशीर संस्था काढायची सोय आहे. ती मुख्यतः नगरपालिका आणि प्रांत वापरायचे. केवळ विद्यापीठांनी मिळून अशी संस्था काढण्याची ती पहिलीच वेळ. त्याआधी कुठल्याही प्रकल्पाला कुणातरी एका विद्यापीठाने अर्ज करायचा आणि बाकीच्यांनी त्याच्या मागे उभं राहायचं, असा प्रकार होता. आता आघाडी स्वतःच्या नावाने अर्ज करू शकते, पैसे घेऊ शकते, माणसं नेमू शकते. क्वांटम विज्ञानातला क्यूस्टेक हा पीएच.डी.चा कार्यक्रम असाच उभा राहिला. त्यात युरोपीय संघाच्या मदतीने ३९ जागा निर्माण झाल्या. शिवाय युकोर दरवर्षी छोट्या प्रकल्पांना सुरुवातीचे पैसे देतं. मोठं अनुदान मागण्याआधी दोन देशांतल्या प्रयोगशाळांना एकमेकींची पारख करायची संधी त्यातून मिळते.

याहून मोठ्या आघाड्याही आहेत. फ्रायबुर्ग आणि स्ट्रासबुर्ग दोघंही २००२ मध्ये स्थापन झालेल्या लेरू या युरोपीय संशोधन विद्यापीठांच्या संघात आहेत. ऑक्सफर्ड आणि केंब्रिजही त्यात आहेत. लेरूचं मुख्य काम संशोधनाचं बजेट आणि धोरण यांबाबत ब्रसेल्समध्ये विद्यापीठांची बाजू मांडण्याचं. तेही आवश्यक आहे, पण विद्यार्थ्याच्या दिवसात ते दिसत नाही. फ्रान्सचे अध्यक्ष माक्राँ यांनी २०१७ मध्ये सॉरबोनच्या भाषणात ‘युरोपीय विद्यापीठं’ म्हणजे अनेक देशांतल्या विद्यापीठांच्या आघाड्या, ही कल्पना मांडली. २०१९ मध्ये पहिल्या १७ आघाड्या निवडल्या गेल्या आणि आज त्यांची संख्या साठच्या पुढे आहे. त्या पहिल्या सतरांतली एपिकूर ही स्ट्रासबुर्गच्या पुढाकाराने झालेली आघाडी. युकोरमधली चार विद्यापीठं तिच्यात आली, आणि बाझेलचं नाव त्यात नव्हतं.

यामागे राजकारण होतं. फेब्रुवारी २०१४ मध्ये स्विस जनतेने स्थलांतरावर मर्यादा आणायच्या बाजूने कौल दिला आणि स्वित्झर्लंड युरोपच्या इरॅस्मस या विद्यार्थी-देवाणघेवाणीच्या कार्यक्रमाबाहेर गेलं. २०२१ मध्ये स्वित्झर्लंडने युरोपीय संघाशी चाललेल्या मोठ्या कराराच्या वाटाघाटी सोडून दिल्या. त्यानंतर होरायझन युरोप या संशोधन निधीतही स्विस संस्थांचा दर्जा घसरला. प्रकल्पात भाग घेता येई, पण नेतृत्व करता येत नसे आणि त्यांच्या वाट्याचे पैसे स्विस सरकारला स्वतःच्या खिशातून द्यावे लागले. तासाभराच्या अंतरावरचे दोन सहकारी, एकाला प्रकल्पाचा प्रमुख म्हणून अर्ज करता येतो, दुसऱ्याला नाही. २०२५ पासून दार पुन्हा उघडलं, याचा आनंद मी दोन्ही शहरांत पाहिला. युकोर मात्र या सगळ्या वर्षांत चालू राहिलं. मुलं येत-जात होती आणि क्रेडिट मोजले जात होते. राजधान्यांमधलं बिनसलं तरी शेजाऱ्यांचं चालू राहू शकतं, याचं यापेक्षा चांगलं उदाहरण मला माहीत नाही.

महाराष्ट्राचा इथे थेट संबंध आहे. फ्रायबुर्ग आणि कार्ल्सरूह ज्या बाडेन-व्युर्टेंबर्ग राज्यात येतात, त्याची आणि महाराष्ट्राची २०१५ पासून भागीदारी आहे. स्टुटगार्ट आणि मुंबई तर १९६८ पासूनची भगिनी शहरं. २०२२ मध्ये यूजीसीने परदेशी विद्यापीठांबरोबर संयुक्त आणि दुहेरी पदवीची नियमावलीही आणली. म्हणजे कायद्याची वाट मोकळी आहे. आता आपल्या विद्यापीठांनी इथल्या विभागांबरोबर बसून गुणांचे तक्ते करावेत, एकेका विषयाची जुळणी करावी, असं मला मनापासून वाटतं. सुरुवातीला दोन विभाग आणि दहा मुलं पुरेत.

इकडे यायचा विचार करणाऱ्यांसाठी व्यवहाराचं. या राज्यात युरोपीय संघाबाहेरच्या विद्यार्थ्यांना २०१७ पासून सत्राला १५०० युरो फी आहे, पीएच.डी.ला ती लागत नाही. ही फी भरली की युकोरमधल्या बाकीच्या विद्यापीठांचे विषय त्यातच येतात, म्हणून अर्ज करताना पाचही विद्यापीठांच्या विषयांच्या याद्या समोर ठेवा. विषय घेण्याआधी आपल्या परीक्षा विभागाकडून दोन गोष्टी लेखी घ्या: क्रेडिट कुठल्या विषयाच्या जागी धरणार आणि गुण कोणत्या तक्त्याने बदलणार. पहिलं सत्र आपल्याच विद्यापीठात रुळण्यात घालवा. फ्रायबुर्गचे वर्ग फेब्रुवारीत संपतात आणि एप्रिलपर्यंत सुट्टी असते. बाझेलचं वसंत सत्र त्याच सुट्टीत सुरू होतं, त्यामुळे पहिले काही आठवडे तिकडच्या विषयाला पूर्ण वेळ देता येतो. नाव नोंदवायची मुदत चुकू नये म्हणून जानेवारीतच चौकशी करा.