एकोणीस ग्राव म्हणजे नक्की किती?

मे महिन्यातल्या दुपारी भट्टीवर १९ ग्राव भरलेली फेणी जुलैत, बाहेर पाऊस कोसळत असताना घरी मोजली की १८ भरते. मग ठरलेला संशय येतो: भट्टीवाल्याने पाणी घातले, नाहीतर मधल्या माणसाने. प्रत्यक्षात बहुतेक वेळा कोणीच काही घातलेले नसते. बाटलीही तीच असते आणि तेज मोजायची नळीही तीच. बदललेली असते फक्त हवा.

फेणीच्या व्यवहारात तिचे तेज सांगायला ‘ग्राव’ हा शब्द गोव्यात सगळेच वापरतात. भाव त्यावर ठरतो, कौतुक त्यावर होते आणि भांडणेही त्यावरच होतात. पण ग्राव म्हणजे अल्कोहोलचे टक्के नव्हेत, हे अनेकांना ठाऊक नसते. हुर्राक (काजूच्या रसाची पहिल्यांदा गाळलेली, फेणीहून सौम्य दारू) १५ ग्रावाचा म्हणजे १५ टक्के, असे छातीठोकपणे सांगणारे भेटतात. १५ ग्रावाच्या हुर्राकात उन्हाळ्याच्या तापमानात मोजूनही २५ टक्क्यांच्या आसपास अल्कोहोल निघते. बियरसारखा समजून ग्लासावर ग्लास रिचवणाऱ्यांची गत काय होते, ते सांगायला नको.

ग्राव हा पोर्तुगीज शब्द, अर्थ ‘अंश’. पोर्तुगीज अमदानीत शिकलेल्यांच्या तोंडी तो शाळेसाठीही असे. जुन्या गोमंतकीयांच्या चरित्रांत ‘सेगुंद ग्रावपर्यंत शिक्षण’ असे वाचायला मिळते, ते प्राथमिक शिक्षणाच्या दुसऱ्या टप्प्याबद्दल. वारसाहक्काच्या कागदपत्रांत नात्याचे अंतरही याच शब्दाने मोजले जाई. तिथे प्रत्येक पिढी एक अंश धरतात. भाऊ-भाऊ दुसऱ्या अंशात, काका-पुतणे तिसऱ्या, चुलतभाऊ चौथ्या. फेणीचा ग्राव मात्र एका विशिष्ट मोजपट्टीवरचा अंश आहे आणि तिचे नाव कार्तिए.

ही मोजपट्टी अठराव्या शतकातली, फ्रान्समधली. काचेची (तेव्हा धातूचीही) नळी द्रवात सोडायची, ती किती बुडते ते बघायचे आणि त्यावरून दारूचे तेज ठरवायचे. शुद्ध पाण्यात ती १० दाखवते, निव्वळ अल्कोहोलात ४४ च्या आसपास. म्हणजे सुरुवातच दहापासून आहे. १० ग्राव म्हणजे शून्य दारू. फ्रान्समध्ये १८२४ पासून गे-ल्युसॅकची टक्क्यांची मोजपट्टी आली आणि कार्तिए हळूहळू मागे पडली. पोर्तुगीज बोलणाऱ्या मुलखांत ती टिकली. ब्राझीलमध्ये काशासाचे तेजही याच अंशांत सांगत असत. आपल्याकडे भट्ट्यांवर ती अजून जिवंत आहे.

आता आकडे. १५ अंश सेल्सियस तापमानाला, टक्के पूर्णांकात धरून, साधारण असे बसतात: १४ ग्राव म्हणजे २५ टक्के, १५ म्हणजे ३२, १७ म्हणजे ४२, १८ म्हणजे ४६, १९ म्हणजे ५०, २० म्हणजे ५३, २१ म्हणजे ५६ आणि २२ म्हणजे ५९. हे जरा निरखून बघा. १४ वरून १५ वर जाताना सात टक्के वाढतात, २१ वरून २२ वर जाताना जेमतेम तीन. पट्टीवरच्या खुणा घनतेवर आखलेल्या आहेत, आणि पाण्यात अल्कोहोल मिसळत गेले की घनता सारख्या पावलांनी उतरत नाही. सुरुवातीला ती सावकाश कमी होते, पुढे भराभर. म्हणून खालचा एक ग्राव आणि वरचा एक ग्राव यांची किंमत सारखी नसते. पुढे मिश्रणाचा हिशेब आला की हीच गोष्ट दगा देते.

वरचे सगळे आकडे १५ अंशांचे आहेत, आणि १५ अंश तापमान गोव्यात कधी असते? पौषातल्या एखाद्या पहाटे, आत सत्तरी-धारबांदोड्याकडे, तेही क्वचित. काजूचा हंगाम फेब्रुवारी-मार्चपासून मेपर्यंत, म्हणजे भट्टीवरचा द्रव ३०-३५ अंशांच्या खाली नसतोच. तापलेली फेणी प्रसरण पावते, हलकी होते, नळी जास्त बुडते आणि आकडा वर जातो. फेणीच्या तेजाच्या पट्ट्यात ढोबळ हिशेब असा: १५ अंशांच्या वर दर अंशामागे ०.४ टक्का वजा करायचा. ग्रावाच्या भाषेत, नऊ-दहा अंश तापमान वाढले की ग्राव एकाने फुगतो.

सुरुवातीचे भांडण यावर ताडून बघू. मेमध्ये द्रव ३५ अंशांवर, नळी १९ दाखवते. १९ म्हणजे ५० टक्के. तापमान वीस अंशांनी जास्त, म्हणून वीस गुणिले ०.४, म्हणजे ८ वजा. खरे तेज ४२ टक्के. जुलैत द्रव २६ अंशांवर, नळी १८ दाखवते. १८ म्हणजे ४६. अकरा अंश जास्त, ४.४ वजा, उरले ४१.६. फेणी तीच आहे.

भट्टीवरच मोजताना तर आकडा आणखी फुगतो. लवणीतून (फेणी जिच्यात जमते त्या भांड्यातून) नुकतीच काढलेली फेणी कोमट असते. ती ४० अंशांवर असताना नळीने २० दाखवले, तर खरे तेज ५३ वजा १०, म्हणजे ४३. हीच फेणी ३२ अंशांवर निवली की नळी १९ दाखवते. भट्टीवाला ‘वीस’ म्हणतो, घेणारा घरी जाऊन ‘एकोणीस’ म्हणतो, आणि दोघेही खरे बोलत असतात. दुकानातल्या बाटलीवर छापलेले ४२.८ टक्के (जुन्या ब्रिटिश हिशेबाने ७५ प्रूफ) आणि भट्टीवरचे ‘एकोणीस’ यांचा मेळ असाच लागतो. कागदावरच्या कोष्टकात १९ पुढे ५० टक्के दिसतात म्हणून बाटलीवाल्याने फेणी पातळ केली, असे म्हणणे चूक आहे. मला विचाराल तर तापमान न सांगता सांगितलेला ग्राव अर्धाच आकडा आहे.

मोजायची पद्धत अवघड नाही, पण घाईने बिघडते. उंच, सरळ काचेचे नळकांडे घ्या. नळीचा फुगीर भाग आत फिरताना कडेला टेकता कामा नये. ग्लासात किंवा बाटलीच्या तोंडात नळी सोडून मोजणारे असतात, तिथे ती भिंतीला चिकटते आणि आकडा काहीही येतो. नळकांडे आधी त्याच फेणीने विसळा. ओल्या भांड्यात पाण्याचे दोन थेंब राहिले तर फार फरक पडत नाही, पण साबणाचा अंश राहिला तर पडतो, कारण नळीभोवती द्रव नीट चढत नाही. फेणी हळू ओता, फेस आणि बुडबुडे बसू द्या. काचेला चिकटलेला बुडबुडा नळीला वर उचलतो आणि ग्राव कमी दिसतो. नळी वरच्या टोकाला धरून अलगद सोडा, हलके फिरवा. स्थिर झाली की डोळा द्रवाच्या पातळीला आणा. काचेजवळ द्रव किंचित वर चढलेला दिसतो. तो भाग सोडून सपाट पृष्ठभाग जिथे पट्टीला छेदतो तो आकडा घ्या. लगेच त्याच नळकांड्यात तापमापक बुडवा. स्वयंपाकघरातला डिजिटल तापमापक चालतो. हवेचे तापमान घेऊन उपयोग नाही, द्रवाचे हवे.

नळी विकत घेताना पट्टी नीट वाचा. एकाच दुकानात बोमेची, साखरेची, सायक्सची आणि गे-ल्युसॅकची अशा वेगवेगळ्या मोजपट्ट्यांच्या नळ्या मिळतात, आणि दिसायला त्या सख्ख्या बहिणींसारख्या असतात. काही नळ्यांवर एका बाजूला टक्के आणि दुसऱ्या बाजूला कार्तिए असते. नवख्याने तीच घ्यावी, कोष्टक पाठ करावे लागत नाही. घरी आणल्यावर साध्या गाळलेल्या पाण्यात सोडून बघा. दहाच्या आसपास तरंगली नाही तर परत करा. जुन्या नळीत आतली कागदी पट्टी डिंक सुटून खाली घसरलेली असते, तीही याच परीक्षेत पकडली जाते.

नळीला एकच गोष्ट कळते, ती म्हणजे घनता. आंबलेल्या नीऱ्यात (काजूच्या बोंडांच्या रसात) ती सोडण्यात अर्थ नाही. त्यात उरलेली साखर द्रव जड करते आणि अल्कोहोल हलका, दोघांच्या ओढाताणीत आलेला आकडा कशाचाच नसतो. साखर किंवा मध घातलेल्या फेणीचेही तसेच. तिचा ग्राव नेहमी कमी दिसतो, तेज कमी नसते. दुकशिरीच्या (अनंतमुळाच्या) मुळ्या घातलेली फेणी मोजायची तर मुळ्या घालण्याआधी मोजावी.

आणि जी चूक जिवावर बेतू शकते ती ही: ग्राव चांगला आला म्हणजे दारू निर्धोक, असे अजिबात नाही. मिथेनॉलची घनता इथेनॉलच्या जवळपास तेवढीच आहे. भेसळीतले मिथेनॉल नळीला दिसत नाही, उलट ग्राव छान दाखवते. ते प्रयोगशाळेतच कळते. ग्राव जास्त म्हणजे फेणी चांगली, हेही खरे नाही. धारेच्या सुरुवातीचा भाग सर्वांत तेज असतो आणि नाकाला झोंबणारी द्रव्येही त्यातच जास्त असतात. २२ ग्रावाची मिरवणारी फेणी पुष्कळदा फक्त लवकर थांबवलेली असते. धार पुढे उतरत जाते, आणि मुरलेला भट्टीवाला लवणीत जमलेल्या एकूण फेणीचा ग्राव बघून कुठे थांबायचे ते ठरवतो. माझ्या मते १९ च्या आसपास थांबलेल्या फेणीला काजूचा वास सर्वांत स्वच्छ असतो. पण माडाची फेणी पिणाऱ्या, दक्षिण गोव्यातल्या सासष्टीकरांशी यावर वाद घालू नये.

नळी नसेल तेव्हा बाटली हलवून बुडबुडे बघतात. बाटली तीन-चतुर्थांश भरलेली, बूच बंद, एकदाच जोरात हलवायची. योग्य तेजाच्या फेणीत बारीक मण्यांसारखे बुडबुडे कडेने गोल जमतात आणि थोडा वेळ टिकतात; तेज फार कमी किंवा फार जास्त असेल तर ते झटकन विरतात. सरावलेल्या डोळ्याला यावरून एका ग्रावाच्या आतबाहेर अंदाज येतो. पण साबणाने धुतलेल्या बाटलीत ही परीक्षा फसते, आणि फेस आणणारे काही मुद्दाम घातले असेल तरी फसते. व्यवहाराचा आकडा यावर ठरवू नये.

राहिला मिश्रणाचा हिशेब. तेज जास्त उतरलेली फेणी खाली आणायला जाणकार भट्टीवाले पाणी घालत नाहीत, हुर्राक घालतात. चव पातळ होत नाही. समजा २१ ग्रावाची ९ लिटर फेणी आहे, १५ ग्रावाचा हुर्राक आहे, आणि १९ हवेत. ग्रावाची सरळ सरासरी काढली तर साडेचार लिटर हुर्राक लागेल असे वाटते. तेवढा घातला तर नळी १८.५ दाखवते, आणि हुर्राक परत काढता येत नाही. आधी ग्रावाचे टक्के करायचे: २१ म्हणजे ५६, १५ म्हणजे ३२, हवेत ५०. फेणी हव्या तेजाच्या सहा टक्के वर, हुर्राक अठरा टक्के खाली. म्हणून तीन भाग फेणीला एक भाग हुर्राक. ९ लिटरला ३ लिटर. दोन्ही एकाच तापमानाला मोजलेले असले की तापमानाची वजाबाकी वेगळी करावी लागत नाही.

पाणीच घालायचे असेल, तर २२ ग्रावाची १० लिटर फेणी १९ वर आणायला हिशेबाने १.८ लिटर पाणी निघते. प्रत्यक्षात त्याहून थोडे जास्त लागते, कारण पाणी आणि अल्कोहोल एकत्र आले की एकूण आकारमान किंचित आक्रसते. म्हणून दीड लिटर आधी घाला, मोजा, मग उरलेले थोडे थोडे. विहिरीचे कठीण पाणी घातले तर फेणी धुरकट होऊ शकते; गाळलेले, उकळून निववलेले पाणी बरे.

मिसळल्यावर लगेच मोजू नका. मिसळताना द्रव थोडा तापतो, हवेचे कण अडकतात, आणि नीट ढवळले नसेल तर गर्राफांवात (मोठ्या काचेच्या बुधल्यात) वर हलके, खाली जड असे थर राहतात. रात्रभर ठेवा, सकाळी पुन्हा ढवळा, तापमान घ्या, मग नळी सोडा. १८.७ आला तर तसाच राहू द्या. तेवढा फरक सकाळ आणि दुपारच्या हवेतच पडतो.