मंद खोऱ्याचा नकाशा

आज खोऱ्याची, म्हणजे जिथे काळच मंद चालतो त्या भागाची, उत्तरेकडची रेषा पक्की झाली. शाई वाळेपर्यंत नकाशा दगडांखाली दाबून ठेवलाय, तेवढ्यात हे लिहून घेते.

लोकांना वाटतं, कालनकाशी (अशा रेषा आखायचं काम) म्हणजे मंत्र म्हटला की जमिनीवर उजळ रेघ उमटली आणि संपलं काम. रेघ उमटते, खोटं नाही. पण मी उभी असेन तिथे उमटते. चुकीच्या जागी उभी राहिले तर चुकीच्या जागी, आणि तितकीच लखलखीत. मंत्राला काळातलं काही कळत नाही. ते कळून घ्यायचं घंगाळातल्या पात्राकडून, वाळूकडून आणि लोलकाकडून. आणि ही तिघंही पक्की लबाड.

घटिकापात्र बघा. गारठ्यात पाणी दाटतं, बुडाच्या भोकातून शिरायला कुरकुरतं आणि पात्र उशिरा बुडतं. वाळूला गारठ्याचं काही वाटत नाही. वर कितीही उरली तरी तिची धार एकाच वेगाने पडते. (पाण्याचं तसं नसतं. गळत्या भांड्यातली पातळी चौथाईवर आली की धार निम्म्या वेगावर येते.) पण दमट हवेत वाळू गुठळ्या धरते, आणि घासून घासून गळा रुंदावला की म्हातारपणी घाईत पळायला लागते. लोलकाची लोखंडी दांडी उन्हात लांबते, मग तो रेंगाळतो. थंडीत आखडते, मग पुढे पळतो. उंच डोंगरावर नेला तर त्याला खाली खेचणारी ओढच कमी पडते आणि दिवसाकाठी एखादं पळ (म्हणजे चोवीस सेकंद) मागे राहतो.

म्हणून तिघांना एकाच चौकटीत बसवलंय. त्रिसाक्षी म्हणते मी त्याला. एकटा साक्षीदार वेगळं बोलला तर खोट त्याच्यात. तिघं सारख्याच मापाने मागे पडले तर मात्र खोट जागेत. थंडी पात्राला मागे ओढते पण लोलकाला पुढे ढकलते. उंचीवरची कमी ओढ तिघांनाही मागे पाडते, पण दिवसाकाठी एखाद्या पळानेच. त्याहून जास्त आणि तिघांना एकसारखं मागे ओढणारं मला तरी दुसरं काही ठाऊक नाही.

आता मागे म्हणजे कशाच्या मागे? एरवी ताऱ्यांना विचारते. तोच तारा रोज सुमारे १० पळं लवकर माथ्यावर येतो, तेवढा हिशोब धरला की आकाशासारखं घड्याळ नाही. पण सध्या ढग. म्हणून शिष्याला रेषेबाहेरच्या टेकडीवर दिवा देऊन बसवलं. दर घटकेला, म्हणजे त्याच्या ६० पळांनी, दिवा एकदा झाकायचा. मी खाली खोऱ्यात मोजत बसले. वाळूने सांगितलं ५४ पळं, लोलकानेही ५४. पात्र ५२ वर अडून बसलं. घंगाळातलं पाणी कोमट केलं, आणि तेही मुकाट ५४ वर आलं. बाहेरच्या दहा दिवसांत इथे नऊच दिवस होतात. आत बसून याचा पत्ताही लागत नाही. नाडी, भूक, झोप, सगळं सोबतच मंदावतं.

खालच्या वस्तीला हे दाखवलं तेव्हा एक म्हातारा बराच वेळ त्या चौकटीकडे बघत राहिला. या लोकांना सगळा मुलूख आळशी म्हणतो. पेरणी उशिरा, कापणी उशिरा, शेतसारा तर नेहमीच उशिरा. अहो, ऊनपाऊस आकाशाच्या हिशोबाने येतो-जातो, पण पिकाला वाढायला दहातले नऊच दिवस मिळतात. माणसांनी तरी काय करावं? “म्हणजे आम्ही उशीर करत नव्हतो तर,” म्हातारा म्हणाला. मग लगेच, “हे कारकुनाला लिहून द्याल का?” देणार आहे. शिक्क्यासकट.

पण नकाशा एकट्या गरिबाच्या बाजूने बोलत नाही. रेषा अजून पुरी झाली नाही तोच एका सावकाराचा माणूस विचारून गेला की खोऱ्यात कोठार बांधता येईल का. धान्याचं म्हणत होता. धान्य इथे टिकेल, कबूल. मला वेगळीच शंका येतेय: कर्जदारांना इथे मजुरीला आणायचं, मजुरी आतल्या दिवसांची द्यायची आणि व्याज बाहेरच्या दिवसांचं लावायचं. नकाशाच्या कोपऱ्यात मोठ्या अक्षरात लिहून टाकलंय की दोन्ही हिशोब एकाच बाजूच्या दिवसांनी व्हावेत. माझं कोण ऐकणार? तरी शाईने लिहिलेलं खोडायला कुणाला तरी हात काळे करावे लागतील.

संध्याकाळी शिष्य टेकडी उतरून आला, कुडकुडत. “बाई, माझी मजुरी टेकडीच्या दिवसांनी धरायची हं.” मी माझी वही पुढे केली, त्याने त्याची. दहाला एक दिवस त्याचा जास्त, आणि त्याच्या बाजूने तिन्ही साक्षीदार. उद्या थैली सोडावी लागणार. पुढच्या खेपेला दिवा घेऊन टेकडीवर मीच बसते.