एज ऑफ एम्पायर्स २ डीई: फोल्डर आवरण्याचं काम कुठवर आलं

आजची स्थिती अशी: गेम सी ड्राइव्हवरून नव्या एसएसडीवर गेला, हॉटकीज (कीबोर्डचे शॉर्टकट) शाबूत आहेत, जुन्या सामन्यांच्या रेकॉर्डिंगची छाननी निम्मी उरकली आणि मराठी नावांचा छोटा लोकल मॉड (गेममध्ये आपण केलेला बदल) चालू झाला. साउंडला अजून हात लावलेला नाही.

डेफिनिटिव्ह एडिशन (डीई, म्हणजे या जुन्या गेमची नवी आवृत्ती) एकाच फोल्डरात असते असं बरेच जण धरून चालतात. खरं तर तिचे संसार दोन आहेत. पहिला स्टीमच्या (जिथून गेम घेतो आणि चालवतो त्या अ‍ॅपच्या) लायब्ररीत: स्टीमअ‍ॅप्स, त्यात कॉमन, त्यात एओई२डीई. दुसरा विंडोजच्या यूजर फोल्डरात: गेम्स, त्यात एज ऑफ एम्पायर्स २ डीई आणि त्यात आपल्या स्टीम खात्याचा सतरा आकडी क्रमांक हेच ज्याचं नाव असं फोल्डर. पहिल्यातलं सगळं पुन्हा डाउनलोड होतं. दुसऱ्यातलं आपलं असतं: सेव्ह, रेकॉर्डिंग, हॉटकीज, मॉड. जागा कमी पडली की लोक पटकन दुसऱ्यावर कात्री चालवतात, कारण त्याचं नाव ओळखीचं वाटत नाही. नेमकं उलटं करायला हवं.

स्टीममध्ये प्रॉपर्टीजखाली इन्स्टॉल्ड फाइल्स नावाचा टॅब आहे, तिथून गेम दुसऱ्या ड्राइव्हवर हलवता येतो. पण हलतो तो फक्त पहिला संसार. यूजर फोल्डर सी ड्राइव्हवरच राहतं आणि तुम्ही मॉडचे शौकीन असाल तर तेही हळूहळू फुगत जातं. मी मॉड्सचं फोल्डर उचलून नव्या ड्राइव्हवर ठेवलं आणि जुन्या जागी मेकलिंक कमांडने जंक्शन (नव्या जागेकडे नेणारा दुवा) टाकलं. गेमला फरक कळत नाही, तो जुन्याच पत्त्यावर जातो. हे करताना गेम आणि स्टीम दोन्ही बंद ठेवा.

विंडोज नव्याने टाकणाऱ्यांसाठी एक गोष्ट. स्टीमअ‍ॅप्समध्ये अ‍ॅपमॅनिफेस्ट या नावाने सुरू होणारी छोटी टेक्स्ट फाइल असते, नावात गेमचा क्रमांक: ८१३७८०. गेम कुठल्या फोल्डरात आहे, कुठला बिल्ड (आवृत्ती) आहे, हे स्टीमला तिच्यातून कळतं. कॉमनमधलं फोल्डर आणि ही फाइल अशी जोडी जपली तर स्टीम गेमला ओळखतो. फाइल हरवली तरी घाबरू नका, त्याच लायब्ररीत इन्स्टॉल दाबा, स्टीम आधीच्या फाइल्स तपासून घेतो आणि कमी असेल तेवढंच उतरवतो.

लिनक्स किंवा स्टीम डेकवर खेळणाऱ्यांचं यूजर फोल्डर प्रोटॉनच्या (विंडोजचे गेम लिनक्सवर चालवणाऱ्या साधनाच्या) कॉम्पॅटडेटा फोल्डरात, पुन्हा ८१३७८० याच क्रमांकाखाली, नकली सी ड्राइव्हच्या पोटात असतं. जागा करायची म्हणून कॉम्पॅटडेटा साफ करा असा सल्ला सर्रास मिळतो. आधी आत डोकावून बघा, एवढंच म्हणेन.

आता मुख्य भाग, मॉड. माझा ठाम नियम आहे: इन्स्टॉल फोल्डरातल्या एकाही फाइलला हात लावायचा नाही. नवा पॅच (गेमचा अपडेट) त्या फाइलला शिवला की आपला बदल पुसला जातो आणि व्हेरिफाय (स्टीमची फाइल-तपासणी) चालवलं तर स्टीम बदललेली फाइल हुडकून मूळ प्रत आणतो. डीईने याची सोय मुळातच छान केली आहे. यूजर फोल्डरातल्या मॉड्समध्ये दोन भाग असतात, सबस्क्राइब्ड आणि लोकल. लोकलमध्ये आपल्या मॉडचं फोल्डर करायचं आणि त्यात मूळ गेममधला रिसोर्सेसपासूनचा पत्ता जसाच्या तसा उभा करायचा. फाइल त्याच जागी, त्याच नावाने ठेवली की गेम आपली वाचतो. मूळ फाइल खाली तशीच राहते, जशी पुस्तकाच्या पानावर ट्रेसिंग पेपर ठेवून काढलेल्या रेघांखाली छपाई राहते. मॉड बंद केला की गेम पूर्ववत. कोणता मॉड चालू आणि कोणाचा क्रम वर, हे मॉड्स फोल्डरातल्या मॉड-स्टेटस या जेसॉन फाइलमध्ये लिहिलेलं असतं. दोन मॉड एकाच फाइलवरून भांडत असतील तर क्रमावर निकाल लागतो.

१९९९ च्या मूळ आवृत्तीत हे सुख नव्हतं. तेव्हा ग्राफिक्स, साउंड, इंटरफेस असे अनेक फाइल्स एकत्र बांधलेले मोठे डीआरएस गठ्ठे होते. गठ्ठ्याच्या डोक्यावर हक्कांचा मजकूर, मग १.०० ही आवृत्ती, मग ट्राइब हा शब्द, मग तक्ते. तक्त्यातल्या प्रत्येक नोंदीला फक्त १२ बाइट: क्रमांक, जागा, लांबी. नाव नाहीच! तिरंदाज कुठला आणि मेंढी कुठली, हे क्रमांक पाठ असलेल्यांनाच ठाऊक. ५०५०० म्हणजे रंगांचं पॅलेट, हे जुन्या मॉडरांना झोपेतून उठवून विचारलं तरी सांगतील. गंमत म्हणजे फाइलचे प्रकार तिथे उलट्या अक्षरांत लिहिलेले सापडतात. डीईत चित्रं (आधी एसएमएक्स, आता एसएलडी प्रकारची) सुटी ठेवली आहेत, नावावरूनच युनिट आणि त्याची हालचाल कळते. जागा जास्त खातात खरं, पण मला हा सौदा मान्य आहे.

युनिटची किंमत, हल्ला, चिलखत हे सगळं मात्र अजूनही एकाच कॉम्प्रेस केलेल्या डॅट फाइलमध्ये आहे. ती उघडायला अ‍ॅडव्हान्स्ड जीनी एडिटर लागतो. तिला बदलणारा मॉड डेटा मॉड ठरतो आणि मल्टिप्लेअरमध्ये लॉबीतल्या (त्या सामन्यासाठी जमलेल्या) सगळ्यांकडे तोच लागतो. चित्रं, आवाज, नावं बदलणारे मॉड आपल्यापुरते असतात, मित्रांना पत्ताही लागत नाही. म्हणून सुरुवात तिथून केली.

मराठी नावांसाठी इंग्रजीवर न जाता हिंदीचं फोल्डर घेतलं. गेममध्ये हिंदी अधिकृतपणे आहे, म्हणजे देवनागरी दाखवायची तयारी तिथे आधीच झालेली आहे. स्ट्रिंगची (गेममधल्या मजकुराची) फाइल साधी टेक्स्ट: क्रमांक आणि समोर अवतरणात मजकूर. पूर्ण फाइल कॉपी करायची गरज नाही. नावात मॉडेड हा शब्द असलेली वेगळी फाइल मॉडमध्ये ठेवायची आणि बदललेल्या ओळी तेवढ्याच त्यात घालायच्या. पॅचने मूळ फाइलमध्ये नव्या ओळी आणल्या तरी आपलं काही अडत नाही. सेव्ह करताना यूटीएफ-८ निवडा. वाक्यांमध्ये टक्क्याच्या चिन्हाच्या किंवा कोनदार कंसातल्या खुणा दिसतील, तिथे गेम किंमत वगैरे भरतो, त्या जागच्या जागी राहू द्या. आतापर्यंत इमारती झाल्या: पागा, लोहारशाळा, बाजारपेठ, किल्ला. एप्रिल २०२२ च्या डायनॅस्टीज ऑफ इंडियामधली उरुमी, चक्रम, रथ ही नावं तशीच ठेवली.

रेकॉर्डिंगची छाननी कंटाळवाणी आहे, पण तिथेच जास्त जागा मोकळी झाली. एओई२रेकॉर्ड फाइलमध्ये चित्र नसतं. सुरुवातीची मांडणी आणि त्यानंतर प्रत्येकाने दिलेले हुकूम, एवढंच. बघताना गेम सगळी लढाई नव्याने खेळतो. त्यामुळे पॅचमध्ये युनिटची ताकद बदलली की तेच हुकूम वेगळ्याच निकालाला पोचतील, म्हणून जुन्या आवृत्तीची फाइल नवा गेम नीट चालवू शकत नाही. वर्षानुवर्षं साठवलेल्या फाइल्सपैकी बहुतेक आता बघता येत नाहीत. आवडता सामना असेल तर पुढचा पॅच यायच्या आत त्याचा व्हिडिओ करून ठेवा. खेळाडू, नकाशा, संस्कृती एवढी माहिती बाहेरच्या टूलने अजून निघते. ती मी एका तक्त्यात उतरवतोय आणि मग फाइल उडवतोय.

हॉटकीजचा बॅकअप घेताना प्रोफाइल फोल्डरातली हॉटकीजची फाइल आणि तिच्याच नावाचं फोल्डर, दोन्ही घ्या. एकट्या फाइलने भागत नाही.

पुढचं काम साउंडचं. डीईचे आवाज वाइज या साउंड इंजिनच्या फाइल्समध्ये आहेत आणि तिथे पुन्हा नावांऐवजी क्रमांकांचं राज्य आहे. आधी गावकऱ्यांचे आवाज शोधतोय. कोणाकडे क्रमांकांची यादी तयार असेल तर कळवा, माझी पागा-लोहारशाळेची फाइल बदल्यात देतो.