मळीचा वास

शनिवार, १८ जानेवारी

सकाळी आठ वाजता बीन्सचे मडके ओव्हनमध्ये ठेवले. १२० अंशांवर. आता संध्याकाळपर्यंत अधूनमधून गरम पाणी घालण्यापलीकडे काम नाही.

मॅसॅच्युसेट्सला आल्यावर बॉस्टनच्या बेक्ड बीन्स (घेवड्याच्या दाण्यांची गोडसर उसळ) डब्यातल्या खाल्ल्या होत्या. गोडमिट्ट लगदा. त्यावरून मी मत करून टाकले, ते साफ चुकीचे होते. गेल्या हिवाळ्यात शेजारच्या आजींनी त्यांचे जुने मडके मला दिले. फुगीर पोट, अरुंद तोंड, म्हणून वाफ फारशी उडत नाही. तेव्हापासून शिकते आहे.

पहिल्या खेपेला भिजवलेल्या दाण्यांवर थेट मोलॅसिस, काळा दाट पाक, ओतले होते. नऊ तासांनीही दाणे दाताखाली कडकच. मोलॅसिसमध्ये आम्ल असते, कॅल्शियम असते. त्यामुळे कच्चा दाणा मऊ पडत नाही. म्हणून दाणे आधी साध्या पाण्यात उकडायचे. आजींची खूण अशी: चमच्यात चार दाणे घेऊन फुंकर मारायची, साल फाटून वळली की पुरे. मग तोच काळा रस दाण्याला सांभाळतो. सात तास शिजूनही दाणा अख्खा राहतो आणि आत लोण्यासारखा होतो. कुकरच्या चार शिट्ट्यांत हे साधत नाही, मी करून पाहिले आहे.

आज ४५० ग्रॅम नेव्ही बीन्स (छोटा पांढरा घेवडा), एक अख्खा कांदा, पाऊण वाटी मोलॅसिस, मोहरीची पूड, मिरी. इथे खारवलेली डुकराची चरबी घालतात; आमच्याकडे चालत नाही, म्हणून लोणी.

मोलॅसिस म्हणजे आपली मळी, उसाच्या रसातून साखर काढल्यावर उरते ती. हे कळल्यावर मी बाटली हातात धरून बराच वेळ उभी होते. माझे लहानपण साखर कारखान्याच्या वसाहतीत गेले. मळी म्हणजे गळीत हंगामातला तो आंबूस वास, डिस्टिलरीकडे जाणारे टँकर, आणि नदीत मळीचे पाणी शिरले की काठाला लागलेले मेलेले मासे. काकवी आम्ही बोटाने चाटायचो. मळी खायची असते हे कुणाच्या स्वप्नातही नव्हते. बाटलीतली मळी आधीच्या उकळीची, निवळ आणि बरीच गोड. पण झाकण उघडले की वास तोच.

बॉस्टनमध्ये ती आली कॅरिबियन बेटांवरून, गुलामांच्या राबणुकीतून. इथे तिची रम व्हायची आणि उरलेली घरोघरी मडक्यात पडायची. इथल्या जुन्या कडव्या ख्रिस्ती लोकांचा, प्युरिटनांचा, शब्बाथ म्हणजे विश्रांतीचा पवित्र दिवस शनिवारी सूर्यास्ताला सुरू व्हायचा, मग चुलीचे काम बंद. म्हणून शनिवारी मडके भट्टीत लावायचे. रात्रीचे जेवण तेच, रविवारची न्याहारीही तीच. बाईच्या हाताला एक दिवस सुटी मिळावी अशी सोय त्या मडक्यात होती, हे मला फार आवडते.

१५ जानेवारी १९१९ ला याच शहराच्या नॉर्थ एंडमध्ये मळीची टाकी फुटली. सुमारे ८७ लाख लिटर. २१ माणसे गेली. तीही अल्कोहोलसाठीच साठवलेली होती. परवा तारीख पाहिली आणि आमच्या वसाहतीमागच्या टाक्या डोळ्यांसमोर आल्या. त्यांच्या सावलीत आम्ही लगोरी खेळायचो.

मडके लावून बाबांना फोन केला. तिकडे संध्याकाळचे साडेसहा. त्यांची सगळी नोकरी कारखान्यात गेली.

"मळी घालून उसळ केलीय बाबा."

"मळी? अगं, कडू लागेल."

"थोडी लागते. तीच चव आहे तिची."

थोडा वेळ ते काही बोलले नाहीत. मग कारखान्यातल्या सवयीने साखरेचे माप विचारले, "ब्रिक्स किती आहे, बाटलीवर लिहिलंय का बघ."

साडेतीनला झाकण काढले, शेवटचा तासभर वरचा थर आटायला. घरभर तो वास आहे. बाटलीवर ब्रिक्स लिहिलेला नाही. लेबलचा फोटो काढून बाबांना पाठवला आहे, उठल्यावर बघतील.