पॉल अब्राहमच्या मागावर: बुडापेस्ट, बर्लिन, हॅम्बुर्ग

बुडापेस्टच्या नॉद्यमेझो रस्त्याला ‘पेश्टचा ब्रॉडवे’ म्हणतात. थिएटरांना खेटून थिएटरं, आणि त्यात 1894 सालच्या इमारतीतलं ऑपेरेटा (हलकीफुलकी संगीत नाटकं) थिएटर. समोरच्या बाकावर संगीतकार इम्रे कालमानचा बैठा ब्राँझ पुतळा आहे. त्याच्या शेजारी बसून फोटो काढणाऱ्यांची गर्दी असते. मी मात्र आले होते दुसऱ्या एका संगीतकारासाठी, पॉल अब्राहमसाठी.

1892 साली डॅन्यूबकाठच्या अपातिन गावात (आता सर्बियात) जन्मलेला हा ज्यू मुलगा बुडापेस्टच्या संगीत अकादमीत शिकला. सुरुवातीला तो गंभीर, शास्त्रीय वळणाच्या रचना करत असे. 1927 मध्ये तो या थिएटरात वाद्यवृंदाचा संचालक झाला आणि चार्दाश या हंगेरियन नृत्यसंगीताच्या शेजारी सॅक्सोफोन-बँजो आणून बसवू लागला. नेमकं त्याच सुमारास सिनेमाला कंठ फुटला.

जर्मनीच्या ऊफा या चित्रपट कंपनीने ‘मेलोडी देस हेर्ट्सेन्स’ हा चित्रपट मूकपट म्हणूनच हाती घेतला होता, मग मध्येच तो बोलपट करायचं ठरलं. डिसेंबर 1929 मध्ये बर्लिनला झळकलेला हा ऊफाचा पहिला पूर्ण लांबीचा बोलपट. गोष्ट बुडापेस्टची: घोडदळातला एक शिपाई आणि खेड्यातून शहरात कामाला आलेली मुलगी. त्यात अब्राहमची गाणी आहेत. नायक विली फ्रिच गातो ते ‘मी कुणी कप्तान नाही, बडी असामी नाही’ अशा अर्थाचं गाणं मी हॉटेलवर पुन्हा पुन्हा ऐकलं. चाल कवायतीची, पण ओळी आखूड. त्या काळचा मायक्रोफोन बारकावे गिळायचा. अशा वेळी पहिल्या दोन ओळींतच पकडणारी चाल बांधणं ही मोठी हुशारी होती, असं माझं ठाम मत आहे. ऑपेरेटाचा बादशहा म्हणून त्याचं नाव घेतात. सिनेमातलं त्याचं काम उगाच मागे पडलंय.

बर्लिनमध्ये मी मुद्दाम भुयारी रेल्वेनेच फिरले. ‘दास ब्लाउए फोम हिमेल’ (1932) या अब्राहमचं संगीत असलेल्या चित्रपटाची नायिका मार्था एगर्थ याच रेल्वेची तिकिटं विकते. पटकथा लिहिणाऱ्यांत पुढे हॉलिवूडचा नामवंत दिग्दर्शक झालेला तरुण बिली वाइल्डर होता. त्याच्या आदल्या वर्षी ‘दी प्रिवाटसेक्रेतेरिन’मधलं रेनाटे म्युलरचं ‘आज मी किती आनंदात’ गाजलं होतं, आणि त्या चित्रपटाची इंग्रजी आवृत्तीही निघाली. टायपिस्ट, तिकीटवाली, नोकरदार पोरी: अब्राहमची चित्रगीतं या मुलींच्या तोंडी शोभतात.

फ्रीडरिशश्ट्रासे स्टेशनवरून श्प्रे नदी ओलांडली की ग्रोसेस शाउश्पीलहाउसची जागा येते. ते अवाढव्य थिएटर 1980 च्या दशकात पाडलं. 23 डिसेंबर 1932 रोजी इथे अब्राहमच्या ‘बाल इम सावोय’ या ऑपेरेटाचा पहिला प्रयोग झाला. 30 जानेवारीला हिटलर चान्सलर झाला. सव्वा महिना! एवढ्यात सगळं संपलं. अब्राहम बुडापेस्टला परतला, मग व्हिएन्ना, पॅरिस, क्युबा, न्यूयॉर्क. त्याचा गीतकार फ्रिट्झ लोनर-बेडा 1942 मध्ये आउशवित्सच्या नाझी छळछावणीत मारला गेला. तिथे उभी असताना मला याचाच फार राग आला.

न्यूयॉर्कला कामही नाही आणि तब्येतही ढासळलेली. 1946 मध्ये त्याचं मानसिक संतुलन बिघडलं. पांढरे हातमोजे घालून मॅडिसन अॅव्हेन्यूच्या मधोमध तो अदृश्य वाद्यवृंद चालवत होता, अशी कथा सांगतात. पुढची दहा वर्षं मनोरुग्णालयात गेली. 1956 मध्ये मित्रांनी खटपट करून त्याला जर्मनीत आणलं. 1960 मध्ये तो हॅम्बुर्गला वारला.

हॅम्बुर्गची ओल्सडॉर्फ दफनभूमी 389 हेक्टरची आहे. आत चक्क सिटी बस फिरते, थांबे आहेत, तळी आहेत, जुनी झाडं आहेत. अब्राहम इथेच आहे. भेट द्यायची तर नकाशा घेऊनच जा आणि पूर्ण दुपार मोकळी ठेवा.

2013 मध्ये बर्लिनच्या कोमिशे ऑपर या ऑपेरागृहाने ‘बाल इम सावोय’ पुन्हा रंगमंचावर आणलं, तेही जुनी वाद्ययोजना अभ्यासून, पुन्हा जुळवून. तेव्हापासून त्याच्या ऑपेरेटा परत वाजू लागल्या आहेत. आता एखाद्या वाद्यवृंदाने त्याची 1929 ते 1932 मधली चित्रगीतंही अशाच निगुतीने वाजवावीत. त्या मैफलीचं तिकीट काढायला मी परत बर्लिनला जाईन.