पोपट मेलाय हे आधी कोण म्हणणार?

मागच्या महिन्यात मिक्सर घेतला, घरी आणून लावला तर फिरेचना, म्हणून दुसऱ्या दिवशी तसाच उचलून दुकानात घेऊन गेले. काउंटरवरचे दादा एकदम शांतपणे म्हणाले, मॅडम नवीन आहे ना, चार दिवस वापरा, मोकळा होईल. अहो वापरू कसा, चालूच होत नाहीये! तर म्हणे तुमच्याकडे व्होल्टेज कमी असेल. मग त्यांच्याच प्लगला लावला, तिथेही ढिम्म. तर म्हणे रिक्षातून आणताना हलला असेल, जरा बसू द्या त्याला. आणि मला तिथे उभ्या उभ्या असं हसू फुटलं की ते बिचारे घाबरलेच, कारण हा सीन मी आधी शंभर वेळा बघितलाय, फक्त मिक्सरच्या जागी पोपट होता.

मॉन्टी पायथन या ब्रिटिश विनोदी टोळीचा पोपट. बीबीसीवर डिसेंबर १९६९ मध्ये लागलेलं स्केच. जॉन क्लीज रेनकोट घालून पिंजरा घेऊन दुकानात येतो, अर्ध्या तासापूर्वी घेतलेला पोपट मेलेला आहे अशी तक्रार करतो, आणि दुकानदार मायकेल पेलिन म्हणतो छे हो, विश्रांती घेतोय. नॉर्वेचा आहे, तिकडच्या खाड्यांच्या आठवणीने झुरतोय. पिसं बघा काय सुंदर आहेत! पोपट दांडीवर टिकून राहिला कारण त्याचे पाय खिळ्याने ठोकलेले, तर त्यालाही उत्तर तयार. शेवटी क्लीजचा तोल सुटतो आणि 'मेला' या एका शब्दासाठी इंग्रजीत जेवढे वाक्प्रचार असतील नसतील ते सगळे तो एका दमात दुकानदाराच्या अंगावर फेकतो.

आता गंमत अशी की आपल्याकडे हा पोपट लहानपणापासून आहे. बादशहाचा लाडका पोपट मरतो, मेला म्हणेल त्याचं डोकं उडणार, म्हणून बिरबल सांगतो की खाविंद तो खात नाही, पीत नाही, डोळे उघडत नाही, चोच वर करून पडलाय. शेवटी बादशहाच म्हणतो, म्हणजे मेला! आपल्या गोष्टीत सगळ्यांना माहितीये पण बोलायची सोय नाही. इंग्रजांच्या दुकानात मात्र एक माणूस बोंबलून सांगतोय आणि समोरचा ऐकूनच घेत नाही. बिरबलाच्या गोष्टीत निदान शेवटी सुटका होते, इथे तीही नाही. मला वाटतं हे स्केच पन्नासपेक्षा जास्त वर्षं टिकलंय ते यामुळेच, कारण त्या काउंटरच्या अलीकडे आपण सगळेच कधी ना कधी उभे राहिलोय.

आणि मुळात हे स्केच पोपटाचं नव्हतंच, गाडीचं होतं! पेलिनच्या ओळखीचा एक गॅरेजवाला होता, गाडीची काहीही तक्रार सांगा, त्याच्याकडे उत्तर तयार. त्यावरून क्लीज आणि टोळीतलाच ग्रॅहम चॅपमन यांनी १९६८ मध्ये एका वेगळ्या कार्यक्रमासाठी स्केच लिहिलं, मग पायथनसाठी ते परत काढलं तेव्हा चॅपमनच्या डोक्यातून पोपट आला. म्हणजे अतर्क्य वगैरे जे काही आहे ते शेवटी टाकलेली फोडणी, खालची भाजी रोजचीच.

त्यांच्या मंत्रालयाच्या स्केचचंही तेच. वेडगळ चालींचं सरकारी खातं, क्लीज बॅग घेऊन, बोलर हॅट घालून, लांबच लांब तंगड्या कुठेही फेकत ऑफिसला जातो, हे सगळ्यांना आठवतं. पण मला त्याच्या चालीपेक्षा पुढचा भाग आवडतो. एक माणूस अनुदान मागायला आलाय, त्याची चाल पुरेशी वेडगळ नाही, आणि साहेब त्याला अगदी गंभीरपणे खात्याच्या बजेटची रड ऐकवतात. कोणी डोळा मारत नाही, बघा आम्ही किती विनोदी असं कोणी सुचवत नाही. आपल्याकडचे हल्लीचे स्किट शो बघताना मला हेच खटकतं, जोक झाला की बँजोसारखं काहीतरी वाजतं आणि पाहुणे खुर्चीवरून पडतात. अरे थांबा ना जरा!

पंचलाइनच नको हा त्यांचा दुसरा हट्ट. स्केच रंगात आलं की मध्येच सोडायचं, टोळीतल्या टेरी गिलियमच्या कागदी कार्टूनमधला भलामोठा पाय वरून येऊन सगळं चिरडणार (तो पाय ब्रॉन्झिनोच्या जुन्या चित्रातून कापून घेतलाय), पुढे चला. पण हे त्यांनी शोधलं असं नाही. १९६९ मध्येच, यांच्या काही महिने आधी, स्पाइक मिलिगन या विनोदवीराने टीव्हीवर हे करून ठेवलं होतं, आणि ते बघून यांच्या पोटात गोळा आला होता. त्याचा रेडिओवरचा गून शो १९५१ ते १९६० चालला, तो ऐकतच ही पोरं मोठी झाली. आणि हा मिलिगन कुठला? आपल्या नगरचा! वडील ब्रिटिश लष्करात, १९१८ मध्ये तिकडे जन्म, लहानपण पुण्यात. नगरला त्याच्या नावाची एखादी पाटी तरी लावायला हवी असं मी नगरच्या आत्याला म्हटलं तर ती म्हणाली, आधी रस्ते होऊ देत.

सगळंच भारी आहे असं म्हणणार नाही हं. ४५ एपिसोड आहेत, त्यातले कितीतरी तुकडे मी सरळ पुढे ढकलते. बायकांना कामंच नाहीत, खाष्ट म्हातारी असेल तर पुरुषच फ्रॉक घालून किंचाळणार आणि सुंदर बाई हवी असेल तर कॅरोल क्लीव्हलंड. काही ठिकाणी तर आता बघताना अवघडायला होतं.

पण मग जर्मनी विरुद्ध ग्रीस तत्त्ववेत्त्यांची फुटबॉल मॅच लागते. रेफ्री कन्फ्युशियस, शिट्टी वाजते आणि एकही जण बॉलला हात, सॉरी, पाय लावत नाही, सगळे विचार करत फिरतायत, जवळपास नव्वद मिनिटं. मग आर्किमिडीजला अचानक सुचतं की अरे, बॉलला लाथ मारली तर! हे बघितलं की मी मागचं सगळं माफ करते.

ऑफिसमधल्या नवीन पोरांना यातलं काही माहीत नसतं, पण ती दिवसभर पायथनमध्ये कोड लिहितात, आणि त्या भाषेचं नाव सापावरून नाही, या लोकांवरून आहे. मेलमधला स्पॅमही त्यांच्याच हॉटेलच्या स्केचमधला, जिथे मेनूवर जिकडेतिकडे स्पॅमच (म्हणजे डब्यातलं मांस) आणि मागे व्हायकिंग लोक स्पॅम स्पॅम गातायत. हे सांगितलं की पोरं माझ्याकडे अशी बघतात जशी मी त्या दुकानदार दादांकडे बघत होते.

चॅपमन १९८९ मध्ये गेला, शो सुरू झाल्याला वीस वर्षं पूर्ण व्हायच्या आदल्या दिवशी. त्याच्या शोकसभेत क्लीज उभा राहिला आणि त्याने सुरुवात कशी केली तर मेलेल्या पोपटाचे तेच सगळे वाक्प्रचार मित्राला लावून. मग म्हणाला, बरं झालं गेला, फुकट्या साला. आणि पुढे असंही की तुम्हाला धक्का द्यायची ही संधी मी सोडली असती तर त्यानेच मला माफ केलं नसतं. आमच्याकडे तेराव्याला कोणी असं बोललं असतं तर मोठे काका ताटावरून उठले असते. आणि बाहेर जाऊन, चपला घालता घालता, भिंतीकडे तोंड करून हसले असते.